लुमोपारिनमधला 'प'

बाबा गेले त्याच्या आदल्या दिवशी आम्ही अलेक्झांड्रियाच्या इस्पितळात होतो. बाबांवर एका नव्या औषधाची चाचणी चालू होती. मी चहा घेऊन परतले, तर ते शेजारी बसलेल्या कोळ्याशी बोलत होते. मी खांबाआडच थांबले.

"उस्ताद वहबी, या चाचणीच्या कागदावर सही करू की नको? दुकानात अजून न आलेलं औषध अंगात घ्यायचं?"

"रईस मितवल्ली, होडीचे कप्तान तुम्ही, वादळात शिरता आणि सुईला घाबरता?"

"वादळ ओळखीचं असतं. याचं नाव तरी सांगा."

"लुमोपारिन. शेवटी 'पारिन' आलं, की समजायचं, रक्तात गुठळी होऊ न देणारं औषध."

"लुमोबारिन."

"'बा' नव्हे, 'पा'."

"अहो, अरबी जिभेला 'प' कुठून आणू?"

"राहू द्या. चाळीस वर्षं व्याकरण शिकवलं, पण तुमची चूक मूळ नावापेक्षा सरस आहे. आपल्या अरबीत बारीन म्हणजे काय?"

"आईबापाचं मनापासून करणारी लेकरं."

"माझ्या घरी तसं एक आहे. रोज सकाळी सुई मला टोचते आणि तोंड स्वतःचं वाकडं करते. अशी मुलगी अख्ख्या शहरात नाही."

"तिला सांगितलंत कधी?"

"छे! डोक्यावर बसेल."

"बरं, आणा ते पेन. करतो सही."

दुसऱ्या दिवशी पहाटे झोपेतच बाबांचं हृदय थांबलं. दफनानंतर सगळे परतले, तेव्हा मी कबरीपाशी मोठ्याने म्हणाले,

"बाबा, कुठेही गेले तरी मी आधी सांगायचे, मी उस्ताद वहबींची मुलगी. तुम्हालाच तेवढं सांगितलं नाही."