गप न झालेली बेडकं

(१९४८चा श्रावण. जिंतूरच्या डोंगरातला ओढा. मेंढरं राखणाऱ्या घरची कासाबाई आणि तिचा धाकटा भाऊ बिरू.)

कासाबाई : तिथंच थांब. पाण्यात पाय घालू नकोस.

बिरू : भाकर आणलीय, आक्का. कालपसून उपाशी असशील.

कासाबाई : ठेव बाजूला. तुझ्या दाजीचं काय कळलं?

बिरू : ठाण्यात कोंडलंय म्हणं. ठाण्याचे अमीनसाब लय तापलेत. सरकारी शिंदीची झाडं तोडली, गुन्हा तर हायच की. मी सांगतच व्हतो, नका जाऊ त्या निजामाविरुद्ध उठलेल्या लोकांच्या नादी.

कासाबाई : महिनाभर ह्याच कपारीत लपले व्हते. शिपाई दोनदा आले. दोन्ही खेपेला ह्या ओढ्यातल्या बेडकांनी वाचिवलं त्यांना.

बिरू : ठावं हाय मला.

कासाबाई : ठावं हाय, तरी ऐक. पाण्यात परक्याचा पाय पडला की सगळी बेडकं एकदम गप. तेवढ्यात हे वरच्या सागात पसार व्हायचे.

बिरू : मग काल पावसात तुला कळलं नसंल.

कासाबाई : पाऊस नव्हता. सांजच्याला आमी दोघं इथंच जेवायलो व्हतो. बेडकं वरडायलीत, अन् शिपाई पुढ्यात उभे. एकबी गप झालं न्हाई, बिरू.

बिरू : किडामुंगीची जात ती. तिचा काय भरवसा?

कासाबाई : मेंढरं पाण्यावर कुठून न्यायची म्हणून आबानं शिकिवलं व्हतं?

बिरू : जुनं कशाला काढायलीस आता?

कासाबाई : ओढ्यातून न्यायची न्हाईत. बेलाच्या झाडापसून कडंच्या कातळावरनं न्यायची. पाणी गढूळ होत न्हाई, बेडकं बुजत न्हाईत. ती वाट आबाला ठावी, मला ठावी अन् तुला. आबा तर गेला.

बिरू : माझ्यावर आळ घ्यायलीस?

कासाबाई : कातळाच्या शेवाळावर बूट घसरल्याच्या खुणा हायेत. जा, बघून ये. अन् सकाळी तुझ्या मेंढवाड्यात मेंढरं वरडायली व्हती, ती कुणाची? अमीनानं तर तुझी सगळी नेली व्हती न?

बिरू : चाऱ्याबिगर डांबली व्हती, आक्का. कोकरं मरायली माझ्या डोळ्यांदेखत. नुसती वाट दाव म्हणले. हात लावणार न्हाई म्हणून जबान दिली अमीनसाबनं.

कासाबाई : इथंच पाण्यात पाडून हाणलं त्यांना. मी पाय धरले शिपायांचे. तू कुठं व्हतास?

बिरू : बेलाखाली. मला बघवलं न्हाई.

कासाबाई : परक्यानं केलं असतं तर रडून मोकळी झाले असते. तू केसानं गळा कापलास. ती भाकर उचल, तुझ्या घरची आता गिळवायची न्हाई मला.

बिरू : आक्का, काय बी झालं तरी मी तुझा भाऊ हाय.

कासाबाई : बेडकांनाबी तसंच वाटलं. घरचाच आलाय म्हणून वरडत राहिली बिचारी.