खांबाला मारलेली मिठी

१९३८ साली मी नऊ वर्षांची होते आणि आईबरोबर दातांच्या डॉक्टरांकडे बसले होते. शेजारी गाल सुजलेले एक दिग्दर्शक आणि त्यांचा कॅमेरामन यांची जुंपली होती.

“सिनेमाच्या शेवटी दोघे भाऊ एकमेकांच्या गळ्यात पडलेच पाहिजेत. नाहीतर उद्यापासून तू घरी बस.”

“अहो साहेब, दोन्ही भाऊ म्हणजे एकच नट! कॅमेऱ्याची अर्धी काच झाकून एक भाऊ घेतो, मग तीच फिल्म मागे फिरवून उरलेल्या अर्ध्यात दुसरा. मधली रेघ ओलांडली की हात गायब.”

“गेला तर गेला. मिठीत कोण हात बघतंय?”

“अख्खं थिएटर बघेल. त्यापेक्षा मध्ये खांब घालू.”

“भावांच्या मध्ये खांब?”

“दोघे दोन्हीकडून खांबाला मिठी मारतील. हात खांबाआड.”

“पण खांबाला का म्हणून?”

“वडिलांनी स्वतः उभारलेला खांब, साहेब!”

“अरे देवा... डोळ्यांत पाणी आलं बघ माझ्या.”

“दाढेचं असेल.”

“गप रे. खांब चांगला जाडजूड घे.”

सिनेमा धो धो चालला. त्या खांबापाशी माझी आई दोनदा रडली. दिग्दर्शकांची दाढ गेली, आवाज तेवढाच चढा राहिला. कॅमेरामनने पुढे पडद्यावर आगगाड्या उडवल्या, राजवाडे बुडवले. नट मात्र म्हातारपणीही सांगायचा, “त्या खांबाइतका समजूतदार सहकलाकार मला पुन्हा मिळाला नाही.”