कडी काढल्याबद्दल

आदरणीय अध्यक्ष फोंगसाहेब, व्यासपीठावरचे प्रमुख पाहुणे नगरसेवक हॉलोवेसाहेब, मंडळाचे वडीलधारे, आणि ज्याला निरोप द्यायला आपण जमलो तो माझा मित्र सेतो वाह-केन,

आभाराचे चार शब्द बोल, असं सेक्रेटरींनी मला बजावलंय. "येप, रागावू नकोस, पाहुणे आहेत," हेही बजावलंय. यातलं एकच जमेल.

आज एक जुलै, साऱ्या कॅनडाचा सण. एकोणीसशे तेवीस साली याच दिवशी कायदा करून आपल्या चिनी माणसांना या देशाचं दार बंद झालं. तेव्हापासून चोवीस वर्षं या दिवशी आपल्या गल्लीत ना दुकान उघडलं, ना झेंडा लागला. मे महिन्यात तो कायदा रद्द झाला आणि आज मंडळाच्या दारावर झेंडे! कडी ज्यांनी घातली त्यांनीच काढली, म्हणून हार घालायचे? हॉलोवेसाहेब, तुम्ही भले गृहस्थ, आमच्यासाठी भांडलात. तुमच्यावर राग नाही, चहा घ्या.

कायदा गेल्याचं कळलं तेव्हा वाह-केन लाँड्रीतून ओल्या हातांनीच धावत आला. "येप, माडीवरची खोली रंगवू या. बायको-पोरगा आले की तिघांना पुरेल ना रे?"

म्हटलं, "तू घोरतोस. दोघांनाही पुरायची नाही."

रंगवली आम्ही. हिरवी. मग नियम कळला. हा नागरिक झाला तर बायको येईल, पण मुलगा अठराच्या आतला हवा. पोरगा तेवीस वर्षांचा! अठराच्या आत होता, तेव्हा येऊ कोण देत नव्हतं? वरातीमागून घोडं, तेही लंगडं.

चीनहून वहिनींचं पत्र आलं. "पोराला एकटीनं वाढवलं. आता त्याला टाकून येऊ? नियम करणाऱ्यांना आया नाहीत का? तुम्हीच या."

म्हणून हा चाललाय. कायदा होता तोवर चिवटपणे राहिला, आणि कायदा गेल्यावर जातोय. मला संताप येतो. रडूही येतं, तेही सांगून टाकतो. त्या हिरव्या खोलीत आता कोण राहणार?

असो. आपण ऐकून घेतलंत, आभारी आहे. पाहुण्यांसमोर जीभ सैल सुटली असेल तर पदरात घ्या. आणि सेक्रेटरीसाहेब, तेवढे झेंडे उतरवा. वाह-केनला त्याच दारातून जायचंय.