ओल्या गिलाव्यावरचा हात

मुकादम: गाठोडं खाली ठेवा, बाई. हात जोडतो.

वास्तुकार: बाजूला हो. गाडी उभी आहे दारात.

मुकादम: मघाशी तुम्ही चौकाच्या टोकापर्यंत गेलात, फार तर शंभर पावलं. तेवढ्यात दवाखान्याची भिंत तुमच्याकडे झुकली. फटीत माझं बोट गेलं आख्खं!

बहीण: तुम्ही मध्ये पडू नका हो. माझी भाची तिकडे तापाने फणफणलीये. चार दिवस अन्नाचा कण नाही पोटात. डोळे उघडते ते फक्त 'आई आली का' विचारायला. ताई, चल. तीन तासांत पोचू.

मुकादम: तीन तासांत इथलं काय उरेल, ते विचारा तुमच्या ताईंना.

बहीण: का पण? वास्तुकार काय ही एकटीच आहे? बाकीचे आज या गावात, उद्या त्या गावात हिंडत असतात. त्यांची घरं नाही झुकत त्यांच्या मागे!

वास्तुकार: ते हात सोडवतात.

बहीण: म्हणजे?

वास्तुकार: पहिल्या दगडावर आम्ही हात ठेवतो. तेव्हापासून घर आपल्याला धरून उभं राहतं. मग गिलावा ओला आहे तोवर भिंतीला पुन्हा हात लावायचा आणि म्हणायचं, आता तुझं तू बघ. की सुटलं. एकदा गिलावा वाळला की कितीही डोकं आपट, घर ऐकत नाही.

बहीण: आणि तू म्हणालीच नाहीस?

वास्तुकार: नाही.

बहीण: एकाही घराला?

मुकादम: एकशे बारा घरं, वर दवाखाना. मी मागे लागायचो, बाई, गिलावा सुकत चाललाय. या म्हणायच्या, थांब रे, कुठे आग लागलीये?

वास्तुकार: धरून ठेवलेल्या घराला भिंती पातळ चालतात. खिडक्या हव्या तेवढ्या मोठ्या. सोडलेल्या घराला हातभर जाड भिंती लागतात, आत सगळा अंधार. माझ्या घरातला उजेड बघून लोक तोंडात बोटं घालायचे. तेच हवं होतं मला. माजले होते, दुसरं काय! वाटायचं, मला कुठे जायचंय?

बहीण: पोरीच्या लग्नाला आली नाहीस. मी तिला सांगितलं, आईला कामातून फुरसत नाही. सहा वर्षं तुझी बाजू घेऊन भांडतेय मी तिच्याशी, आणि खरं कारण मलाच माहीत नव्हतं!

वास्तुकार: लाज वाटायची गं सांगायला. मुकादम, पडू देत घरं. ऐकलंस? सगळी पडू देत. दवंडी पीट, माणसं मैदानात काढ. मी पुन्हा बांधून देईन, जाड भिंतींची, स्वतः चुना कालवून. मला माझ्या मुलीकडे जायचंय!

मुकादम: माणसं काढलीत मी, सकाळी ही गाडी दारात आली तेव्हाच. कोणी कुरकुर केली नाही. शिंप्याची सासू तर दोन कोंबड्या काखोटीला मारून सगळ्यांच्या आधी मैदानात हजर.

वास्तुकार: मग?

मुकादम: दवाखाना राहिलाय.

वास्तुकार: तिथलीही काढ. खाटांसकट उचला.

मुकादम: अकरा होते. आठ उचलले. तिघांना हात लावू देत नाही डॉक्टरीण. एकाचं पोट कालच शिवलंय. एक बाई अडलीये, मूल आडवं आहे. तिसरा शिडीवरून पडलाय, मानेचा मणका गेलाय. जरा हलवला तर संपला.

वास्तुकार: टेकू लावा. वासे आहेत, दोर आहेत...

मुकादम: लावलेत. शिवाय चौदा माणसं भिंतीला खांदे देऊन उभी आहेत. पण ती भिंत लाकडाचं ऐकत नाही, बाई. तुमचं ऐकते. चौक ओलांडलात की छप्पर खाली.

वास्तुकार: मग पोरीलाच इकडे आणा!

बहीण: विचारलं होतं मी. डॉक्टर म्हणाले, गाडीत घातली तर वाटेतच जाईल.

वास्तुकार: मुकादम, एकुलती एक आहे रे ती माझी.

मुकादम: माहीत नाही का मला? माझ्या खांद्यावर बसून बांधकाम बघायची. तुम्ही निघालात तर मी काही पाय धरणार नाही तुमचे. ते तिघं हलणार नाहीत, एवढंच सांगायला आलो.

बहीण: ती बाई संध्याकाळपर्यंत मोकळी होईल की! मग...

मुकादम: मग दोघं उरतील.

(वास्तुकार गाठोडं घेऊन दाराबाहेर जाते. दवाखान्याकडून माणसांचा आरडाओरडा ऐकू येतो. ती आत येते आणि खाली बसते.)

वास्तुकार: तू जा.

बहीण: ताई...

वास्तुकार: जा म्हणते ना! वेळ घालवू नकोस. कपाळावर पट्टी ठेवशील ना, तर कोमट पाण्याची ठेव. गार सोसत नाही तिला. लहानपणी तरी सोसायचं नाही. आता कसं आहे, मला काय माहीत!

बहीण: अजून तसंच आहे.

वास्तुकार: बरं.

बहीण: तिने विचारलं तर काय सांगू? कामात आहे म्हणून नाही सांगणार हां मी. जीभ रेटणार नाही माझी.

वास्तुकार: सांग, निघालीये.

बहीण: आणि पुन्हा विचारलं तर?

वास्तुकार: जितक्यांदा विचारेल तितक्यांदा सांग. रस्त्यात आहे म्हणावं.