बाबांच्या तोंडची गाणी

१९८९ साली सीताबर्डीच्या थांब्यावर देवराव सक्करदऱ्याच्या बसची वाट पाहत होते. उभा जन्म छापखान्यात अक्षरांचे शिशाचे खिळे जुळवण्यात गेलेला. रांगेत पुढे उभ्या असलेल्या दोघींच्या बोलण्यात पुस्तकाचा विषय निघाला आणि त्यांचे कान तिकडे लागले.

"रत्ना, तुह्या बाबाच्या जलशाच्या गाण्यांचं पुस्तक निघालं का वं?"

"कुठलं, शोभाताई! सारी गाणी कम्प्युटरवर टाइप केली होती. पण सॉफ्टवेअर होतं कोणाच्या तरी फ्लॉपीवरून उतरवलेलं, चोरीचं. त्याच्यातून व्हायरस घुसला न् सारं पुसून गेलं."

शिशाचे खिळे असे एका रात्रीत पुसले जात नसत, असं देवरावांच्या मनात आलं.

"कागदावर नव्हती?"

"बाबाले लिहिता कुठं येते? गाणी त्यायच्या तोंडातच."

"मंग आता?"

"एका लहान कंपनीचं साधं सॉफ्टवेअर घेतलं, बिलासकट. स्वस्तात भेटलं. अडलं तं त्यायचा माणूस येऊन सांगते. बाबाले म्हटलं, पुन्हा गा."

"चिडले असतील."

"नाही वं. डोळे मिटून रोज गाऊन राहिले. काल एक नवंच निघालं. म्हणे, मागच्या वेळी हे आठवलंच नव्हतं."

"कोणतं?"

"लग्नाच्या वर्षी मायसाठी केलेलं."

"माय होती तिथं?"

"चुलीपाशी होती. बाबा मधीच अडले, तं पुढची ओळ तिनंच म्हटली."