जनरल साहेब आणि दहाचं गेट

आमच्या कुलगुरूंचं सांगतो तुमाले. फौजेतून जनरल म्हणून रिटायर झालेले. आल्याबरोबर हुकूम काढला, दहाले कॉलेजचं गेट बंद, मंग कोणीही असो.

मी दिग्रसच्या कॉलेजात क्लार्क होतो. साहेब तपासणीले निघाले अन् कापसाच्या गाड्यांत अडकले. खरेदी केंद्र बंद, रांग पार आमच्या गेटापर्यंत. साहेब पोचले सव्वादहाले.

गेटाआडून शिपाई देवराव म्हणे, "साहेब, हुकूम तुमचाच हाय."

साहेब लालबुंद झाले. पण गुमान समोरच्या बैलगाडीच्या धुरीवर, गाडीवान बसते त्या जागी, जाऊन बसले. गाडीवाल्यानं जरा सरकून जागा दिली.

"तुमचं आजच बंद झालं काय?"

"हो."

"पहिल्या दिवशी राग येतेच, साहेब. माहा आज चवथा हाय."