भिंतीपलीकडचे काका

दवाखान्यात माझ्या मागच्या बाकावर दोन बायका बोलत होत्या.

"तुझ्या शेजारचे काका गेले म्हणे?"

"गेले. एकटेच होते गं. दुपारी माझं शिलाई मशीन सुरू झालं, की भिंत ठोकायचे. झोपमोड व्हायची ना त्यांची."

"मग?"

"मी मुकाट्याने थांबवायचे. त्या दिवशी थांबवलं, तरी ठोकतच राहिले. माझं डोकंच फिरलं. मशीन उचललं नि आतल्या खोलीत नेलं."

"बरं केलंस."

"कसलं बरं! पलंगावरून पडले होते ते. हात तेवढा भिंतीला पोचत होता."

"अगं आई गं!"

"आता मशीन पुन्हा त्याच भिंतीला लावलंय. दुपारभर चालवते."

"आता कशाला?"

"ठोकतील म्हणून."